कृषी सेवा केंद्र सरळ मार्गाने चालवून टिकलेलं कोणी आहे का इथे? (नाशिक, द्राक्ष पट्टा)

दिंडोरीरोड_कृषी यांचा प्रश्न:

नमस्कार मंडळी. मी बीएस्सी अ‍ॅग्री, दिंडोरी-वणी बाजूला आमचं कृषी सेवा केंद्र आहे. मी आणि चुलतभाऊ पार्टनर, लायसन माझ्या नावावर, भांडवल निम्मं निम्मं. आजूबाजूला सगळी द्राक्षं, थोडा टोमॅटो. दुकान चालतंय, नाही असं नाही, पण ज्या पद्धतीने चालवावं लागतंय त्यावरून आमच्या दोघांत रोज खटके उडतात म्हणून इथे विचारतोय.

प्रकार असा आहे की आमच्याकडे युरिया, डीएपी, गंधक, मँकोझेब यात काही उरत नाही. युरियाची ४५ किलोची गोणी २६६.५० ला विकायची, त्यात हमाली, भाडं, आधार घेऊन मशीनवर अंगठा लावायचा वेळ, सगळं धरलं तर ते नुसतं गिऱ्हाईक दुकानात यावं म्हणून ठेवायचं. खरी कमाई टॉनिकात. ह्यूमिक, सीवीड, अमिनो, ‘घड पोसणारं’, ‘साईज देणारं’, ‘शायनिंग देणारं’. आणि ही बाटली कोणी मागायला येत नाही, ती गळ्यात मारावी लागते. समोरच्या दुकानात पोरगं कागदावर शेड्यूल लिहून देतं, छाटणीपासून काढणीपर्यंत, प्रत्येक फवारणीत दोन टॉनिकं हमखास. शेतकऱ्याला वाटतं बघा किती बारकाईने लक्ष देतात, आणि माझ्याकडे येऊन मी म्हटलं की अण्णा याची गरज नाही, तर त्याला वाटतं याला काही कळत नाही.

मागच्या सीझनला तर कळस झाला. २०२५ ला मे महिन्यातच पाऊस चालू झाला तो तुम्हाला माहितीच आहे, एप्रिलच्या खरड छाटणीनंतर काडीत घड तयार व्हायचा नेमका तोच काळ, ऊन नाही, नुसतं ढग आणि ओल. ऑक्टोबरच्या छाटणीनंतर बागा फुटल्या तर घडच नाहीत. आता ज्या काडीत मे-जूनला घड बनलाच नाही तिथे ऑक्टोबरात कुठल्याही बाटलीने तो येत नाही, बनलेला घड जिरू नये म्हणून थोडंफार करता येतं तेवढंच. हे मी कॉलेजात शिकलो आणि तेच शेतकऱ्याला सांगितलं. ते ऐकून माणसं उठून समोर गेली आणि तिथून चार चार हजाराच्या बाटल्या घेऊन आली. घड काही आले नाहीत. पण गिऱ्हाईक माझं गेलं, त्यांचं नाही, कारण ‘त्यांनी निदान प्रयत्न तरी केला’.

भावाचं म्हणणं सरळ आहे, आपण पण तेच करू. एका कंपनीची स्कीम आलीय, छाटणीच्या आधी ठरलेल्या रकमेचं टॉनिक उचललं की दोघांना बँकॉक. आणि काउंटरवरच्या पोराला बाटलीमागे कमिशन लावू म्हणतो. मी अडवून धरलंय पण किती दिवस धरणार, घरभाडं, दुकानभाडं मला पण आहे.

मला प्रामाणिकपणाचं फळ मिळतं वगैरे ऐकायचं नाहीये, ते घरी वडील सांगतात. मला हिशोब ऐकायचाय. कोणी हा धंदा सरळ करून टिकलंय का, आणि टिकलं असेल तर पैसा नेमका कशातून काढता?

---

सातपूरकर:

भाऊ तू धंदा करायला बसलास का कीर्तन करायला ते आधी ठरव. मी पंप-मोटर विकतो, आमच्यात पण हेच आहे, समोरचा साडेसात एचपीची मोटर दहाची म्हणून देतो. तू खोटं बोलू नको पण गप्प तर बसू शकतोस ना. त्याला बाटली पाहिजे, तुझ्याकडे बाटली आहे, दे आणि मोकळा हो. मागणारा मोठा माणूस आहे, लहान लेकरू नाही. आणि बँकॉकला जाऊन ये एकदा, डोकं शांत होईल 😄

---

बागाईतदार_निफाड:

सातपूरकर, मोटर जळली तर दुसरी आणता येते, बाग एक वर्ष गेली की पुढची दोन वर्षं सोसायटीचे हप्ते फेडण्यात जातात त्यामुळे ही तुलना काही पटली नाही.

आता मूळ प्रश्नावर. मी गिऱ्हाईकाच्या बाजूने बोलतो, थॉम्पसन आणि थोडी सोनाका द्राक्षं आहेत, काही माल एक्सपोर्टला जातो. तुम्ही म्हणता शेतकऱ्याला खरं ऐकायचं नसतं, ते निम्मं खरं आहे. रात्री पाऊस झाला आणि सकाळी पानामागे डाऊनीचा (केवडा रोगाचा) पांढरा बुरा दिसला की आमचं डोकं चालत नाही, त्या वेळी दुकानदार जे हातात देईल ते टाकीत जातं. त्या वेळी तुम्ही म्हणालात की थांबा, तर आम्ही थांबणार नाही, समोर जाणार. पण तीच गोष्ट तुम्ही पंधरा दिवस आधी बागेत येऊन, वेलाखाली उभं राहून सांगितली असती तर ऐकली असती. काउंटरच्या पलीकडून ‘गरज नाही’ म्हणणाऱ्यावर विश्वास बसत नाही हो, वाटतं याच्याकडे माल संपलाय.

दुसरी गोष्ट जी कोणी बोलत नाही ती उधारीची. आम्ही छाटणीपासून माल उचलतो, पैसे देतो मार्च-एप्रिलला, तेही व्यापाऱ्याने दिले तर. दर दोन-तीन वर्षांनी कुठला तरी व्यापारी गाडी भरून नेतो आणि फोन बंद करतो, मग आमचे पैसे गेले आणि आमच्यामागे तुमचे गेले. हे दुकानदाराला माहीत असतं म्हणून तो बाटलीच्या किमतीत आधीच ते धरून ठेवतो. म्हणजे मी जो वेळेवर पैसे देतो तो त्या बुडवणाऱ्याचे पण पैसे भरतो. माझ्या मते टॉनिकपेक्षा मोठं खोटं हे आहे. रोखीचा भाव वेगळा, उधारीचा वेगळा, आणि दोन्ही कुठे लिहिलेले नाहीत.

आणि तिसरं, एक्सपोर्टवाल्यांना विचारा. २०१० आठवत असेल जुन्या लोकांना. सीसीसी, म्हणजे वाढ रोखणारं औषध, आपल्याकडे सगळेच मारायचे, शेंडा थांबवायला, आणि आपल्याकडच्या तपासणीच्या यादीत ते नव्हतंच. युरोपात मर्यादा ०.०५ पीपीएम. कंटेनर तिकडे पोचल्यावर सापडलं आणि पैसे बुडाले. त्यात दुकानदाराचा दोष नव्हता, कायदेशीर औषध होतं, मी दोष देत नाही. सांगायचं हे की टाकीत काय गेलं याची किंमत शेवटी बागवाला मोजतो. आज तर ‘जैविक’ म्हणून बाटली देतात, भुरी रोग किंवा मिलीबग कीड दोन दिवसात साफ, मग काढणीच्या आधी रेसिड्यूचा (मालात उरलेल्या औषधाच्या अंशाचा) रिपोर्ट येतो आणि त्यात असं काहीतरी निघतं जे मी आयुष्यात विकत घेतलेलं नाही. बाटलीवर लिहिलेलं नसतं, आत मिसळलेलं असतं. दुकानदाराला विचारलं तर म्हणतो कंपनीने दिलं. तुम्ही एवढं जरी सांभाळलंत की मी विकतो त्या बाटलीत काय आहे ते मला माहितीय, तरी एक्सपोर्टवाली माणसं लांबून तुमच्याकडे येतील. गोड बोलणारा आम्हाला गल्लीत मिळतो.

---

टेरिटरी_सोडलेला:

मी बरीच वर्षं कंपनीच्या बाजूने होतो, आधी फिल्डवर, मग टेरिटरी. आता सोडलंय. कंपनीचं नाव सांगत नाही, सांगून उपयोग पण नाही, पद्धत सगळीकडे तीच.

भावाला बँकॉक फुकट वाटतंय ना, त्याला हे समजावा. बाटलीची एमआरपी आणि तुम्हाला पडणारा भाव यात एवढं अंतर का असतं? कारण त्यात तुमचं मार्जिन, डिस्ट्रिब्युटरचं मार्जिन, पोराचं कमिशन, मेळाव्याचं जेवण आणि तुमचं विमानाचं तिकीट सगळं बसवलेलं असतं. ते तिकीट निफाडच्या अण्णांनी काढलेलं आहे. आणि स्कीम नेहमी छाटणीच्या आधीच का येते? कंपनीला त्या तिमाहीत माल तुमच्या गोडाऊनला ढकलायचा असतो, त्याला आम्ही प्लेसमेंट म्हणायचो. तिथे आमचं टार्गेट पूर्ण. तो माल शेतात जातो की तुमच्याकडे धूळ खातो हा नंतरचा विषय, त्याला लिक्विडेशन, आणि त्यासाठी मग आम्ही तुमच्याकडे येऊन म्हणणार, चला गावात मीटिंग घेऊ, प्लॉट दाखवू. म्हणजे खोटं बोलायची वेळ विकताना येत नाही, ती माल उचलताना ठरलेली असते. गोडाऊनला पाच लाखाचं टॉनिक पडलं की हरिश्चंद्र असला तरी त्याला सगळ्या बागांत ‘कमतरता’ दिसायला लागते.

म्हणून माझा सल्ला, विकताना काय बोलायचं याच्यावर भावाशी भांडू नका, उचलायचं किती याच्यावर भांडा. कंपनीला एकच प्रश्न विचारा, न विकलेला माल परत घेणार का, किती टक्के, किती महिन्यात, आणि ते ईमेलवर लिहून मागा. तोंडी सगळे हो म्हणतात. मी पण म्हणायचो, आणि दुसऱ्या वर्षी माझी बदली झालेली असायची, नवीन माणूस म्हणणार मला काही माहिती नाही. लेखी देतो म्हणणारे फार थोडे सापडतील, त्यांचाच माल ठेवा. तुमची निम्मी फडताळं अशीच रिकामी होतील.

दुसरं, तुम्ही अ‍ॅग्रीवाले आहात म्हणून माहिती असेलच पण बाकीच्यांसाठी लिहितो. ही जैवउत्तेजकं पूर्वी कुठल्याच कायद्यात बसत नव्हती, कोणीही बादलीत काहीही ढवळून लेबल लावायचं. २०२१ ला ती खत नियंत्रण आदेशात आणली. मग तात्पुरत्या नोंदणीवर मुदत वाढत वाढत गेली आणि ती जून २०२५ ला संपली. आता ज्याची नोंदणी पक्की झाली, राजपत्रात आलं, तेच विकता येतं. तुमच्या भावाला ज्या बाटल्यांवर तिकीट मिळतंय त्यांचा नोंदणीचा कागद मागा. तो नसेल आणि गुणनियंत्रण निरीक्षक आला तर कंपनीचा माणूस फोन उचलणार नाही, माल तुमच्या दुकानात, लायसन तुमच्या नावावर. खतात ओ फॉर्म आणि कीटकनाशकात पीसी, म्हणजे माल कुठल्या कंपनीचा ते सांगणारी प्रमाणपत्रं, लायसनवर चढवलेली नसताना माल ठेवणारे पण भरपूर आहेत, त्यांचं पण तेच होतं. ही नीतिमत्ता वगैरे राहू दे बाजूला, साधी जोखीम आहे.

---

चांदवडची_ताई:

दादा तुम्ही हिशोब मागितलाय म्हणून लिहिते. माझं दुकान चांदवड भागात आहे, सासऱ्यांनी सुरू केलेलं, ते गेल्यावर मिस्टर नोकरीला म्हणून मी बसायला लागले. अ‍ॅग्रीची डिग्री नाही माझी, मी तो दुकानदारांसाठीचा वर्षभराचा डेसीचा कोर्स केला, आठवड्यातून एक दिवस क्लास आणि मधे मधे शेतावर नेतात. टवाळी खूप झाली तेव्हा पण सगळ्यात उपयोगाची गोष्ट तीच निघाली, कारण त्याच्या आधी मी पण कंपनीचा माणूस सांगेल तेच पुढे सांगायचे, वेगळं सांगायला माहितीच नव्हती. खरं बोलायचं तर आधी खरं काय ते कळायला पाहिजे ना.

पैसा कशातून येतो ते सांगते. एक, दोन भाव. निफाडच्या दादांनी जे लिहिलं ते अगदी बरोबर, आणि ते मी फळ्यावर लिहून टाकलं. रोख घेतलं तर हा भाव, हंगामाला दिलं तर हा भाव. पहिल्या वर्षी लोक चिडले, म्हणाले ताई व्याज लावते. मी म्हटलं व्याज सगळेच लावतात मी फक्त लिहिलंय. पण झालं काय की ज्यांच्याकडे टोमॅटोचे, कांद्याचे सुटे पैसे येतात ते रोखीला वळले, आणि रोख हातात आली की मी पण डिस्ट्रिब्युटरला रोख देते, त्याचा कॅश डिस्काउंट मिळतो. तो डिस्काउंट म्हणजे माझं टॉनिक. त्यात कोणाला फसवावं लागत नाही. तुमच्या भावाला हे गणित मांडून दाखवा, उधारीत अडकलेल्या पैशावर तुम्ही बँकेला कॅश क्रेडिटचं किती व्याज भरता आणि बाटल्यांतून किती सुटतं, दोन्ही शेजारी शेजारी लिहा. माझ्याकडे तरी व्याजाचा आकडा मोठा निघाला होता.

दोन, बागेला भेट. यासाठी मी एक कृषी पदविकावाला मुलगा ठेवलाय, तो मोटरसायकलवर फिरतो, आणि त्याच्या भेटीचे आम्ही पैसे घेतो. हो घेतो. हंगामाचे एकरकमी. सगळे हसले, म्हणे समोरचा फुकट येतो. मी म्हटलं फुकट येणारा बाटली विकायला येतो, याला बाटली विकायचीच नाहीये, याचे पैसे तुम्ही दिलेत. सगळे नाही घेत, पण जे घेतात ते पक्के. त्यांना आम्ही पानदेठ परीक्षण करायला लावतो, रिपोर्टमधे पोटॅश कमी आलं तर पोटॅश, मॅग्नेशियम आलं तर मॅग्नेशियम, नाही आलं तर काही नाही. आणि द्राक्ष संशोधन केंद्राची, पुण्याजवळच्या मांजरीवाल्यांची, एक्सपोर्टच्या औषधांची यादी असते त्यात कोणतं औषध काढणीच्या किती दिवस आधी बंद करायचं ते दिलेलं असतं, ती आम्ही मोठ्या अक्षरात छापून काउंटरवर लावलीय. ती लावल्यापासून मुलाला वाद घालावा लागत नाही, यादीकडे बोट दाखवायचं.

तीन, काउंटरच्या पोराचं कमिशन. ते अजिबात करू नका. बाटलीमागे कमिशन दिलंत की तुम्ही स्वतः काउंटरवर नसताना दुकान समोरच्यासारखंच चालणार, तुम्ही कितीही चांगले असा.

न जमलेली गोष्ट पण सांगते, लिंकिंग. डीएपी किंवा १०:२६:२६ हवंय तर सोबत अमुक पेट्या उचला असं वरून येतं. ऐन हंगामात नाही म्हटलं तर गोण्या येत नाहीत आणि शेतकरी दुसरीकडे जातो, एकदा गेलेला परत आणायला वर्ष लागतं. मी काय करते, तो लिंकिंगचा माल वेगळ्या फडताळावर ठेवते, वर लिहिलंय ‘हा माल आम्हाला घ्यावा लागला, गरज असेल तरच घ्या’, आणि खरेदीच्या भावाने देते. काही जातं, काही एक्सपायर होतं, ते मी सोसते.

---

बागाईतदार_निफाड:

ताई बाकी सगळं मान्य, फळ्याची कल्पना तर आमच्या गावच्या दुकानदाराला दाखवणार आहे. पण लिंकिंग बेकायदेशीर आहे हे सरकार दर खरिपात ओरडून सांगतं, आणि तुम्ही ते गुपचूप सोसताय. तुम्ही सोसलंत म्हणून डिस्ट्रिब्युटर पुढच्या वर्षी जास्त पेट्या पाठवणार. तक्रार का नाही करत? जिल्हा अधीक्षक कृषी अधिकाऱ्याकडे लेखी द्या ना. आम्ही शेतकरी तक्रार करतो तेव्हा तुमच्यावर धाड पडते, वरच्यावर नाही, कारण कागदावर वरचा कुठे दिसतच नाही.

---

चांदवडची_ताई:

दादा, तक्रार केली की तुमची धाड एक दिवसाची, आमचा माल वर्षभराचा बंद होतो. डिस्ट्रिब्युटर लेखी कधीच म्हणत नाही की लिंकिंग आहे, बिल दोन वेगळ्या तारखांची करतो. काय पुरावा देणार? एकट्या दुकानाने हे होत नाही. आमच्या डीलर असोसिएशनने एकदा सगळ्यांनी मिळून माल परत पाठवला होता तेव्हा मात्र चालली नाही त्यांची. पुढच्या वर्षी परत चालू. तुम्ही म्हणता ते चूक नाहीये, मला ते बोचतं म्हणूनच लिहिलं.

---

सातपूरकर:

बघा, म्हणजे ताई पण शेवटी विकतेच की 😄

---

टेरिटरी_सोडलेला:

सातपूरकर, लेबल लावून खरेदीच्या भावात विकणं आणि ‘घड येतील’ म्हणून चार हजाराला विकणं हे तुम्हाला एकच वाटत असेल तर तुमच्याकडून मोटर घ्यायच्या आधी मी एचपी मोजून घेईन.

---

शरणपूर_रोड_टॅक्स:

मी या धंद्यातला नाही, कागदपत्रं बघतो, कृषी सेवा केंद्राचे बरेच क्लायंट आहेत. वरचं सगळं वाचलं, एक गोष्ट कोणीच बोललं नाही म्हणून लिहितो, पक्कं बिल.

कीटकनाशकावर १८ टक्के जीएसटी आहे. कच्च्या पावतीवर दिलं की शेतकऱ्याला स्वस्त वाटतं आणि दुकानदाराला पण बरं वाटतं, दोघंही खूश. पण बॅच नंबर, एक्सपायरी, कंपनीचं नाव असलेलं बिल नसेल तर उद्या बाग जळाली तेव्हा शेतकऱ्याकडे काही नाही आणि तुमच्याकडेही काही नाही. शेतकरी हा ग्राहक आहे हे सुप्रीम कोर्टाने २०१२ ला बियाण्याच्या प्रकरणात स्पष्ट केलंय, जिल्हा ग्राहक आयोगात पाच लाखापर्यंतच्या तक्रारीला फी पण नाही. तिथे कंपनीसोबत दुकानदारही पार्टी होतो. पक्कं बिल असेल तर तुम्ही दाखवू शकता की मी सीलबंद, नोंदणी असलेला, मुदतीतला माल दिला, बाटलीच्या आतलं कंपनीने बघावं. कच्ची पावती असेल तर सगळं तुमच्याच गळ्यात येतं, कारण ती बाटली तुमच्याकडे आली कुठून हेच सिद्ध होत नाही.

उधारीसाठी पण तेच. वसुलीचा दावा तीन वर्षांच्या आत लावावा लागतो. वहीत तुम्ही एकट्याने लिहिलेलं असतं, त्याला काय अर्थ? दर हंगामाच्या शेवटी बाकी रकमेवर समोरच्याची सही घ्या, सही तीन वर्षं संपायच्या आत झाली की त्या तारखेपासून मुदत नव्याने धरतात. नात्यागोत्यात सही मागायला लाज वाटते हे मला माहितीय, क्लायंट दर वर्षी हेच सांगतात आणि दर वर्षी पैसे सोडून देतात.

आणि तुम्ही पार्टनर आहात, भागीदारीचं डीड केलंय का रजिस्टर? लायसन तुमच्या नावावर आणि खरेदीचा निर्णय भावाचा ही सगळ्यात वाईट रचना आहे. गुन्हा दाखल झाला तर तो लायसनवाल्यावर होतो. डीडमधे एक ओळ घाला, अमुक रकमेच्या वरची खरेदी दोघांच्या सहीशिवाय नाही. नीती-अनीतीच्या चर्चेपेक्षा ती ओळ जास्त काम करेल.

---

दिंडोरीरोड_कृषी:

सगळ्यांचे आभार, एवढं कोणी लिहील असं वाटलं नव्हतं.

डीड साधं स्टँप पेपरवर आहे, रजिस्टर नाही. ते करून घेतो, आणि खरेदीची ओळ घालायचीच, भावाला पण त्यात काही वाईट वाटणार नाही कारण ते त्याच्यावरही नाही आणि माझ्यावरही नाही. बँकॉकवाल्या बाटल्यांचा नोंदणीचा कागद मी काल व्हॉट्सअ‍ॅपवर मागितला. त्या माणसाने आधी अंगठा पाठवला, मग ब्रोशर पाठवलं, मग एक जुनं पत्र पाठवलं त्यावरची तारीख जून २०२५ च्या आधीची आहे. परत विचारलं तर म्हणतो साहेब बाकीचे सगळे डीलर घेतायत तुम्हालाच एवढं काय पडलंय. ते सगळं भावाला दाखवलं. तो काही बोलला नाही, पण स्कीमचा फॉर्म अजून भरलेला नाहीये.

निफाडच्या दादांचं काउंटरवरून ‘गरज नाही’ म्हणण्याचं लागलं जरा, पण खरं आहे. मी दुकान सोडून बागेत जातच नाही, सकाळ संध्याकाळ काउंटर. आणि फळा पण लावायचाय पण तिथे एक अडचण आहे, आमच्याकडे निम्मी उधारी भावकीत आणि सोयऱ्यांत आहे. त्यांना फळ्यावरचा भाव लावला तर लग्नात कोणी बोलायचं नाही.

ताई तुम्हाला दोन प्रश्न. भेटीचे पैसे पहिल्या वर्षी मागितले तेव्हा सुरुवात कोणापासून केली? आणि काउंटरच्या मुलाला कमिशन नाही तर मग काय देता, कारण आमचा मुलगा हुशार आहे आणि समोरच्याने त्याला विचारलंय.

---

चांदवडची_ताई:

सुरुवात मी एक्सपोर्टवाल्यांपासून केली. त्यांना ग्रेपनेटला, म्हणजे एक्सपोर्टच्या द्राक्षांच्या सरकारी ऑनलाइन यंत्रणेत, प्लॉटची नोंदणी असते, फवारणीची नोंद ठेवावीच लागते, आणि ती नीट ठेवणारं कोणी हवंच असतं. आमचा मुलगा ती वही भरून देतो, त्यातच त्यांना पैसे वसूल वाटतात, सल्ला वरकड. लोकल मार्केटवाले नंतर आले, दोन वर्षांनी, ते पण सगळे नाहीत. दिंडोरी बाजूला तर एक्सपोर्टवाले आमच्यापेक्षा जास्त आहेत तुम्हाला सोपं जाईल. आणि हे काम तुम्ही स्वतः करा हो, डिग्री तुमची आहे, काउंटर भावाला द्या. तो बोलण्यात चांगला असेल, वसुलीला तसाच माणूस लागतो.

मुलाला पगार समोरच्यापेक्षा थोडा जास्त आणि वसुलीवर बक्षीस. हंगामाच्या उधारीतली जेवढी वेळेवर आली त्यावर. याने एक मजा होते, ज्याला नको ती बाटली दिली तो पैसे द्यायला कुरकुर करतो हे मुलाला लगेच कळतं, म्हणून तो स्वतःच द्यायचा थांबतो. मला सांगावं लागत नाही.

भावकीचं मात्र माझ्याकडे उत्तर नाही. माझ्या नणंदेच्या घरी अजून जुनाच भाव चालू आहे.